साठ हजार शिवांचे बेट

टाउनलँड हा आयर्लंडमधला जमिनीचा सर्वांत लहान अधिकृत विभाग आहे. नावात ‘टाउन’ असले तरी शहराशी त्याचा संबंध नाही. जुन्या इंग्रजीत ‘टून’ म्हणजे कुंपण घातलेली जागा, वाडी. तोच अर्थ इथे टिकून राहिला. आयरिश भाषेत त्याला ‘बल्या फॅरिन’ म्हणतात. ‘बल्या’ म्हणजे ठिकाण किंवा वस्ती, आणि ‘फॅरन’ म्हणजे जमीन. बहुतेक टाउनलँडमध्ये गाव म्हणावे असे काही नसतेच. चार-सहा शेतघरे, एखादा ओढा, कुरणे, थोडी दलदल, आणि या सगळ्याला मिळून एक नाव आणि एक शीव. काहींत तर एकही घर नाही. साऱ्या बेटावर असे साठ हजारांहून अधिक विभाग आहेत, आणि डोंगरमाथे व दलदलीसुद्धा कुठल्या ना कुठल्या टाउनलँडच्या हद्दीत येतात.

टाउनलँडचा सरासरी आकार सुमारे ३२५ एकर सांगतात, पण ही सरासरी फारशी कामाची नाही. टिरोन काउंटीत कॅरिकमोरजवळ ‘ओल्ड चर्च यार्ड’ नावाचा टाउनलँड आहे. तो भरतो जेमतेम ०.६२५ एकर, म्हणजे एका जुन्या दफनभूमीएवढा. गॉलवे काउंटीतला फिनॉन हा सर्वांत मोठा टाउनलँड ७,०१२ एकरांचा आहे. पहिला दुसऱ्यात अकरा हजारांहून अधिक वेळा मावेल, तरी कागदोपत्री दोघांचा दर्जा एकच.

टाउनलँडच्या वर सिव्हिल पॅरिश, त्याच्या वर बॅरनी, मग काउंटी आणि शेवटी प्रांत अशी उतरंड लावली जाते. ती पाहून एखाद्या राजवटीने एका बैठकीत सगळे आखले असावे असे वाटते, पण तसे घडलेले नाही. प्रांत चार आहेत, तरी आयरिश भाषेत प्रांताला ‘कूगे’, म्हणजे ‘पाचवा हिस्सा’, म्हणतात. पाचवा प्रांत इतिहासजमा झाला, शब्द तेवढा उरला. बत्तीस काउंट्या इंग्रजी सत्तेने चारशे वर्षे रेंगाळत आखल्या, त्यांतली शेवटची विकलो १६०६ मध्ये. बॅरन्या अनेक ठिकाणी जुन्या गेलिक सरदारांच्या मुलखांवर बसवल्या गेल्या. पॅरिश चर्चच्या कारभारातून आले. टाउनलँड मात्र शेतातून, किंवा अधिक नेमके बोलायचे तर कुरणातून आला.

मध्ययुगीन आयर्लंडची संपत्ती गुरांत मोजली जाई. दंड, हुंडा, सरदाराचा मान, सगळ्यांचा हिशेब गाईंत होई. त्यामुळे जमीन मोजतानाही तिची लांबी-रुंदी कोणी पाहत नसे. तिच्यावर किती जनावरे चरतील, किती नांगरट होईल, हे पाहिले जाई. अल्स्टरच्या टिरोन, आर्मा या भागांत या एककाला ‘बॅलीबो’ म्हणत. ‘बल्या बो’ म्हणजे गाईंची जागा. मोनॅहन आणि फरमॅना इथे तोच हिस्सा ‘टेट’ झाला, कॅव्हनमध्ये ‘पोल’. कॉनाक्ट प्रांतात ‘क्वार्टर’, म्हणजे चौथाई, आणि तिचा पोटभाग ‘कार्ट्रन’. मन्स्टरमध्ये ‘प्लाउलँड’, म्हणजे एका नांगराची जमीन. तिचा बारावा भाग ‘ग्नीव्ह’. कॅव्हनमध्ये पोलचे आणखी तुकडे पडत आणि त्यांना गॅलन, पॉटल, पाइंट अशी द्रवमापांची नावे होती. जमीन पाइंटने मोजणारा मुलूख जगाच्या पाठीवर क्वचितच सापडेल.

आकारातल्या विषमतेचे कारण इथेच आहे. जमीन कसदार असेल तर थोड्या क्षेत्रात ठरलेली जनावरे पोसली जात, म्हणून एकक लहान. खडकाळ किंवा दलदलीचा भाग असेल तर तेवढ्याच जनावरांसाठी डोंगरच्या डोंगर लागे. मोनॅहनच्या हिमनदीने घडवलेल्या गोलसर टेकड्यांच्या प्रदेशात टाउनलँड लहान आणि एकमेकांना खेटून आहेत, तर गॉलवे-मेयोच्या पश्चिम किनाऱ्याकडे ते पसरट होत जातात. नकाशा उघडून नुसत्या हद्दी पाहिल्या तरी कुठली माती चांगली आणि कुठली वाईट याचा अंदाज बांधता येतो. अर्थात इंग्रजांना हे कोष्टक उमगायला बराच वेळ लागला.

या लहान हिस्स्यांच्या वर ‘बॅलीबेटा’ नावाचा मोठा गट असे. ‘बल्या बीअताख’ या मूळ शब्दांतला ‘बीअताख’ म्हणजे अन्न पुरवणारा. सरदार आपल्या लवाजम्यासह आला की त्याला जेवू घालण्याची जबाबदारी ज्याच्यावर, त्याची ही जमीन. मोनॅहनमध्ये एका बॅलीबेटात साधारण सोळा टेट असत. एक कुळी, म्हणजे रक्ताच्या नात्याने बांधलेला समूह, हा बॅलीबेटा धरून असे, आणि त्यातले टेट घराघरांत वाटले जात. वाटणी कायमची नव्हती. कुटुंबे वाढली-आटली की हिस्से पुन्हा पाडले जात. माणसे हलत, पण टेटची शीव हलत नसे. टाउनलँडच्या टिकाऊपणाचे बीज या व्यवस्थेत शोधता येते.

ही व्यवस्था नेमकी किती जुनी, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. बाराव्या शतकाच्या आसपासच्या आयरिश दानपत्रांत ‘बल्या’ने सुरू होणारी नावे दिसू लागतात, ‘बुक ऑफ केल्स’ या प्रसिद्ध ग्रंथाच्या मोकळ्या जागांत उतरवून ठेवलेली काही दानपत्रे त्यांतलीच. म्हणजे ११६९ मध्ये नॉर्मन सरदार आयर्लंडच्या किनाऱ्यावर उतरले त्याच्या आगेमागे हे विभाग कागदावर येऊ लागले होते. थॉमस मॅकअर्लीन यांनी १९८३ मध्ये बेटभरच्या या निरनिराळ्या एककांची तुलना करून दाखवले की नावे प्रदेशागणिक वेगळी असली तरी रचना सगळीकडे एकाच धर्तीची आहे: मोठा गट, त्याचे ठरावीक हिस्से, त्या हिस्स्यांचे पोटहिस्से. आज ज्याला टाउनलँड म्हणतात तो बहुतेक ठिकाणी या साखळीतला मधला किंवा खालचा दुवा आहे.

नॉर्मन राज्यकर्त्यांनी सुपीक पूर्व आणि दक्षिण भागात आपल्या पद्धतीच्या जहागिऱ्या बसवल्या. तिथे टाउनलँडच्या नावांत जहागीरदारांची आडनावे आणि इंग्रजी ‘टाउन’ हा प्रत्यय शिरला. मात्र जहागिरी लिहून देताना हद्द सांगायची तर जुनी सांगितलेली हद्दच सोयीची पडे. खरी उलथापालथ सतराव्या शतकात झाली.

१६०७ च्या सप्टेंबरात अल्स्टरचे गेलिक सरदार ह्यू ओनील आणि रोरी ओडॉनेल आपल्या लोकांसह जहाजात बसून युरोपला निघून गेले. इंग्रज सरकारने अल्स्टरच्या सहा काउंट्यांतली जमीन सरकारजमा केली आणि तिथे इंग्लंड-स्कॉटलंडचे वसाहतकरी बसवायचे ठरवले. त्यासाठी जमीन मोजणे आले. १६०९ च्या उन्हाळ्यात सर जोसायस बॉडली याच्या देखरेखीखाली बॅरनीवार नकाशे झाले, पण साखळी घेऊन शेतातून कोणी फिरले नाही. जागोजागच्या माहीतगार लोकांना बोलावून घेतले गेले आणि कुठला बॅलीबो कुठल्याला लागून आहे, कुठल्या नावाचा टेट कुठे संपतो, हे त्यांच्या तोंडून उतरवून घेतले गेले. आर्मा, टिरोन, फरमॅना आणि कॅव्हन या काउंट्यांचे ते नकाशे अजून शिल्लक आहेत. त्यांत अंतरे भरवशाची नाहीत, पण शेजार भरवशाचा आहे.

मग जमीन १,०००, १,५०० आणि २,००० एकरांच्या तुकड्यांत वाटली गेली. हिशेबासाठी एक बॅलीबो किंवा एक टेट म्हणजे ठरावीक इतके एकर असे सरसकट धरले. चुकीचे मूळ तिथेच होते. गेलिक एकक गाईंच्या चाऱ्यावर बेतलेले, आणि इंग्रजांनी त्याला ठरावीक क्षेत्रफळ चिकटवले. शिवाय दलदल आणि रान हिशेबाबाहेर ठेवले. परिणाम असा की ज्याच्या सनदेत हजार एकर लिहिले, त्याच्या ताब्यात प्रत्यक्षात त्याच्या कितीतरी पट जमीन गेली. आजवर सांभाळलेल्या शिवा आता पुसल्या जातील असे कोणालाही वाटले असते. झाले उलट: सनदांमध्ये बॅलीबो आणि टेट नावानिशी लिहिले गेले, त्यामुळे ज्या व्यवस्थेचे मालक हाकलले गेले तिच्या हद्दींना नव्या मालकांच्या सनदांनीच कायदेशीर आधार दिला.

इंग्रज सेनापती क्रॉमवेलने आयर्लंड जिंकल्यानंतर हेच मोठ्या प्रमाणावर पुन्हा घडले. युद्धाला पैसे पुरवणाऱ्या सावकारांचे आणि पगार थकलेल्या सैनिकांचे देणे कॅथलिक जमीनमालकांच्या जप्त जमिनींतून फेडायचे होते. १६५४ ते १६५६ या काळात ‘सिव्हिल सर्व्हे’ झाला. त्यात जागोजाग पंच बसवून म्हाताऱ्या, माहीतगार रहिवाशांच्या साक्षी घेतल्या: कोणाची जमीन, किती, कुठवर, कसल्या दर्जाची. त्यापाठोपाठ प्रत्यक्ष मोजणीचे काम विल्यम पेटीने अंगावर घेतले. पेटी हा व्यवसायाने वैद्य, ऑक्सफर्डमध्ये शरीररचनाशास्त्राचा प्राध्यापक राहिलेला, हिशेबात विलक्षण डोके चालणारा माणूस. त्याने मोजणीचे तुकडे पाडले. शेतातून साखळी ओढण्याचे काम सैनिकांकडून करून घेतले, आणि नकाशा काढणे, क्षेत्रफळ काढणे, तपासणे ही कामे वेगळ्या माणसांना दिली. मोजणी नकाशावर ‘उतरवली’ म्हणून तिचे नाव ‘डाउन सर्व्हे’ पडले. एखाद्या देशाचा एवढा मोठा भाग इतक्या बारकाईने मोजण्याचे हे जगातले सुरुवातीचे उदाहरण मानले जाते.

या मोजणीतला एकर ब्रिटनचा आजचा एकर नव्हे. आयरिश एकर जवळजवळ १.६२ प्रमाणित एकरांचा होता, कारण मोजणीची काठी साडेपाच यार्डांऐवजी सात यार्डांची होती. जुनी कागदपत्रे वाचताना हे विसरले तर सगळे गणित फसते. पेटीच्या नकाशांचे नशीबही चमत्कारिक निघाले. मूळ नकाशे १७११ च्या आगीत होरपळले आणि १९२२ च्या आगीत उरलेसुरले गेले. बॅरन्यांच्या नकाशांचा एक संच १७०७ मध्ये जहाजाने लंडनला जात असता फ्रेंच खाजगी लढाऊ जहाजाच्या हाती लागला आणि पॅरिसच्या राजग्रंथालयात पोहोचला. लुटीत गेला म्हणून तो वाचला.

वाटपाचा परिणाम आकड्यांत पाहायचा तर १६४१ मध्ये आयर्लंडची सुमारे ६० टक्के जमीन कॅथलिकांच्या मालकीची होती. १७०३ पर्यंत ती १४ टक्क्यांवर आली. मालकी बदलली, धर्म बदलला, सनदेची भाषा बदलली. खंडाच्या पावतीवर टाउनलँडचे नाव मात्र तेच राहिले, फक्त इंग्रज कारकुनाच्या कानाला जसे ऐकू आले तसे लिहिलेले.

टाउनलँडच्या आत जीवन कसे चाले हे पश्चिम आयर्लंडमध्ये जास्त काळ दिसत राहिले. तिथे नातेवाईक कुटुंबे टाउनलँड सामाईक खंडाने घेत. घरांचा एक विस्कळीत पुंजका असे. त्याला अभ्यासक ‘क्लॅकन’ म्हणतात. घरांभोवती सततच्या पिकाची चांगली जमीन, तिच्यापलीकडे अधूनमधून कसायची हलकी जमीन आणि त्यापलीकडे डोंगरावरचे सामाईक चराऊ रान. चांगल्या जमिनीच्या पट्ट्यांत प्रत्येकाला थोडी कसदार, थोडी ओलसर, थोडी खडकाळ असा वाटा मिळे, म्हणून एकाच्या शेताचे वीस-वीस तुकडे वेगवेगळ्या जागी विखुरलेले असत. या पद्धतीला ‘रंडेल’ म्हणतात. उन्हाळ्यात तरुण मुले-मुली गुरे घेऊन डोंगरावर जात आणि तिथल्या झोपड्यांत राहून लोणी करत. त्या जागांना ‘बूल्या’ म्हणत. अचिल बेटावर स्लीव्हमोर डोंगराच्या पायथ्याशी अशा एका वस्तीच्या बिनछपराच्या दगडी घरांच्या रांगा अजून उभ्या आहेत, आणि भोवतालच्या उतारावर बटाट्याच्या वाफ्यांचे वळ उन्हे तिरपी झाली की स्पष्ट दिसतात.

जमीनदारांना रंडेल आवडत नसे, आणि त्यांच्या तक्रारीत तथ्य अगदीच नव्हते असे नाही. हिस्सेवाटपावरून भांडणे होत आणि सुधारणा कोणी करत नसे. एकोणिसाव्या शतकात अनेकांनी तुकडे एकत्र करून डोंगरापासून समुद्रापर्यंत सरळ लांब पट्टे पाडले आणि प्रत्येक कुटुंबाला आपल्या पट्ट्यावर वेगळे घर बांधायला लावले. डोनेगॉलमध्ये लॉर्ड जॉर्ज हिल याने आपल्या ग्वीडोर इस्टेटीवर हेच केले. पुढे १८९१ मध्ये स्थापन झालेल्या ‘कन्जेस्टेड डिस्ट्रिक्ट्स बोर्डा’ने हे काम सरकारी पैशाने चालवले, १८९५ मध्ये मेयोच्या किनाऱ्यापुढचे क्लेअर बेटच विकत घेऊन त्याची फेरवाटणी केली. टाउनलँडच्या आतला नकाशा असा अनेक ठिकाणी पार बदलून गेला. बाहेरची शीव कोणी हलवली नाही.

त्या शिवेला शास्त्रशुद्ध रूप दिले ते ‘ऑर्डनन्स सर्व्हे’ या लष्करी मोजणी खात्याने, आणि त्यामागेही कारण कराचेच होते. स्थानिक रस्ते, पूल, तुरुंग यांसाठी ‘काउंटी सेस’ नावाचा कर टाउनलँडवार वसूल होई. पण तो जुन्यापुराण्या हिशेबावर बसवलेला, त्यामुळे एका टाउनलँडवर जड आणि शेजारच्यावर नगण्य असा अन्याय सर्रास चाले. १८२४ मध्ये थॉमस स्प्रिंग राइस यांच्या संसदीय समितीने संपूर्ण आयर्लंडची एका मैलाला सहा इंच या प्रमाणावर मोजणी करावी अशी शिफारस केली. कर्नल थॉमस कोल्बी याच्याकडे मोजणी आली. तिच्याही आधी टाउनलँडच्या हद्दी पक्क्या करण्याचे काम १८२५ पासून रिचर्ड ग्रिफिथ या डब्लिनच्या अभियंत्याकडे होते.

ग्रिफिथच्या माणसांपुढचा प्रश्न सोपा नव्हता. शीव कुठे आहे ते कोणत्याही कागदावर नीट नव्हते. ती ओढ्यात, बांधात, एखाद्या उभ्या दगडात आणि मुख्य म्हणजे म्हाताऱ्यांच्या आठवणीत होती. म्हणून प्रत्येक भागातून ‘मिअर्समन’, म्हणजे शीव दाखवणारे, नेमले गेले. ते पुढे चालत, मागून हद्द-मोजणीदार खुणा करत, आणि त्यांच्या मागून काही काळाने सैन्याचे मोजणीदार येत. खुल्या डोंगरावर आणि दलदलीत, जिथे शेजारच्या टाउनलँडांचा दावा एकमेकांत मिसळलेला असे, तिथे ग्रिफिथने सरळ रेषा ओढून निकाल दिला. काही मोठे टाउनलँड वरचा-खालचा, पूर्व-पश्चिम असे विभागले गेले, काही लहान एकत्र झाले. तेव्हा आजच्या सगळ्याच शिवा मध्ययुगीन आहेत असे म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. पण ज्या जुन्या आहेत त्या बहुतेक वळणावळणाच्या ओढ्यांवरून जातात आणि नकाशावर लगेच ओळखू येतात.

कोल्बीच्या कामाची सुरुवात १८२७-२८ मध्ये उत्तरेला लॉक फॉइलच्या काठी जवळजवळ आठ मैलांची आधाररेषा मोजण्याने झाली. त्यासाठी त्याने लोखंड आणि पितळ यांच्या जोडपट्ट्या वापरल्या. उष्णतेने दोन्ही धातू कमी-अधिक प्रसरण पावतात, पण जोडणी अशी की टोकांवरच्या खुणांमधले अंतर कायम राहते. भारताच्या त्रिकोणमितीय मोजणीचा प्रमुख जॉर्ज एव्हरेस्ट १८२९ मध्ये हे काम पाहायला आयर्लंडला गेला होता. १८३० मध्ये परतल्यावर त्याने तशाच जोडपट्ट्या कलकत्ता आणि डेहराडून इथल्या आधाररेषांसाठी वापरल्या. लॉक फॉइलची युक्ती अशी थेट हिमालयाच्या पायथ्याशी पोहोचली. आयर्लंडचे नकाशे १८३३ मध्ये लंडनडेरी काउंटीपासून निघू लागले आणि १८४६ मध्ये केरीवर पूर्ण झाले. सुमारे १,९०० मोठे कागद, आणि त्यांवर प्रत्येक टाउनलँड नावासह, क्षेत्रफळासह.

नावांचा प्रश्न मोजणीइतकाच अवघड निघाला. एकाच टाउनलँडचे नाव सनदेत एक, चर्चच्या वहीत दुसरे, जमीनदाराच्या नकाशावर तिसरे. कोल्बीचा सहकारी थॉमस लार्कम याने ठरवले की प्रचलित इंग्रजी स्पेलिंगांपैकी मूळ आयरिश नावाच्या सर्वांत जवळचे निवडायचे. त्यासाठी मूळ काय ते कळायला हवे. १८३० मध्ये किल्केनी काउंटीतला जॉन ओडोनोव्हन हा तरुण विद्वान या कामावर आला. जॉर्ज पेट्री यांच्या हाताखालच्या या विभागात पुढे यूजीन ओकरी हे अभ्यासक आणि जेम्स क्लॅरन्स मँगन हा कवीही होते. लार्कम स्वतः ओडोनोव्हनकडून आयरिश शिकू लागला. ओडोनोव्हन काउंटीमागून काउंटी पायी फिरला, शेतकऱ्यांना नाव उच्चारायला लावले, जुन्या हस्तलिखितांशी ताडून पाहिले आणि डब्लिनला पत्रांमागून पत्रे पाठवली. त्या पत्रांत पाऊस, ओले कपडे आणि भाड्याच्या खोल्यांतली गैरसोय यांच्या शेजारीच नावांच्या व्युत्पत्ती आणि स्थानिक घराण्यांच्या वंशावळी येतात. साठ हजारांवर नावे या चाळणीतून गेली.

ब्रायन फ्रील यांच्या १९८० च्या ‘ट्रान्सलेशन्स’ या नाटकात लष्करी मोजणीदार खेड्यात येतात आणि आयरिश नावांचे इंग्रजीकरण करतात. नाटक म्हणून ते प्रभावी आहे, आणि त्याने या मोजणीची लोकांच्या मनातली प्रतिमा घडवली. इतिहास मात्र जरा गुंतागुंतीचा आहे. बहुतेक नावांचे भाषांतर झालेच नाही, फक्त लिप्यंतर झाले, आणि तेही ऑर्डनन्स सर्व्हेच्या दोनशे वर्षे आधीच सनदा-दस्तांत होऊन गेले होते. ओडोनोव्हनने जे केले ते त्या विस्कळीत स्पेलिंगांना एकरूप करण्याचे. पण एकरूप झालेले रूप इंग्रजीच राहिले हेही खरे. मूळ आयरिश रूप कारकुनी वह्यांत पडून राहिले आणि छापील नकाशावर आले नाही.

त्या छापील रूपांतही जुना भूगोल ऐकू येतो. ‘बॅली’ने सुरू होणारे नाव म्हणजे बहुधा ‘बल्या’. ‘नॉक’ म्हणजे टेकडी, ‘ड्रम’ म्हणजे डोंगराची कण्यासारखी पाठ, ‘क्लॉन’ म्हणजे ओलसर कुरण, ‘डेरी’ म्हणजे ओकचे रान. ‘लिस’ आणि ‘रा’ ही नावे मातीच्या गोल तटबंदी असलेल्या शेतघरांची. पहिल्या सहस्रकाच्या उत्तरार्धातली अशी हजारो वर्तुळे अजून शेतांत दिसतात, आणि ती परीलोकांची मानल्यामुळे शेतकरी त्यांवर नांगर घालत नसत. ‘किल’ मात्र फसवे आहे. आयरिशमध्ये चर्चला ‘किल’ आणि रानाला ‘क्विल’; इंग्रजीत दोन्ही एकसारखेच लिहिले गेले. त्यामुळे ‘किलमोर’ हे ‘मोठे चर्च’ की ‘मोठे रान’, ते त्या जागेचा जुना कागद पाहिल्याशिवाय सांगता येत नाही. जमीन मोजण्याची जुनी एककेही नावांत गोठून राहिली आहेत. स्लायगोतले प्रागैतिहासिक थडग्यांसाठी प्रसिद्ध असलेले कॅरोमोर म्हणजे ‘मोठी चौथाई’, आणि कॅरोकील म्हणजे ‘अरुंद चौथाई’. फरमॅना-टिरोनमधल्या ‘टॅटी’ने सुरू होणाऱ्या नावांत टेट लपलेला आहे. या नावांचा पहिला मोठा लोकप्रिय अभ्यास पी. डब्ल्यू. जॉइस यांनी १८६९ मध्ये छापला.

नकाशे पूर्ण होत असतानाच बटाट्यावरचा रोग आला. १८४१ च्या जनगणनेत आयर्लंडची लोकसंख्या ८१ लाखांवर होती, १८५१ मध्ये ती ६५ लाखांच्या आसपास उतरली. जनगणना टाउनलँडवार छापली गेल्यामुळे या आकड्याचा अर्थ शेतापर्यंत जाऊन वाचता येतो: दहा वर्षांपूर्वी जिथे चाळीस घरे होती तिथे बारा, शेजारी शून्य. त्याच काळात, १८४७ ते १८६४ दरम्यान, ग्रिफिथने प्रत्येक घर आणि शेत यांचे मूल्यांकन टाउनलँडच्या क्रमाने प्रसिद्ध केले. कूळ कोण, जमीनदार कोण, जमीन किती, किंमत किती. १८६१ मध्ये सगळ्या टाउनलँडांची वर्णानुक्रमे सूचीही निघाली. ३० जून १९२२ रोजी डब्लिनच्या फोर कोर्ट्समधील अभिलेखागार यादवी युद्धात उद्ध्वस्त झाले आणि १८२१ ते १८५१ च्या जनगणनेच्या मूळ याद्या जवळजवळ सर्व नष्ट झाल्या. म्हणून ग्रिफिथचे मूल्यांकन आज अमेरिका-ऑस्ट्रेलियात गेलेल्या आयरिशांच्या वंशजांचा मुख्य आधार बनले आहे. पण त्यात शोधायचे तर आडनाव पुरत नाही, कारण एका काउंटीत तेच आडनाव शेकडो घरांना असते. पणजोबांचा टाउनलँड ठाऊक असावा लागतो.

बॅरनीचे दिवस १८९८ च्या स्थानिक शासन कायद्याने संपले. नवे जिल्हे आणि मतदार विभाग आले, पण ते बांधले गेले टाउनलँडांचेच गट करून. १८८१ नंतरच्या जमीन कायद्यांनी कुळे हळूहळू मालक झाली, तेव्हा त्यांच्या खरेदीखतांतही टाउनलँडच होता, आणि जमिनीच्या नोंदणीत तो अजून आहे. स्वतंत्र आयर्लंडने १९४६ मध्ये नावांचा आयोग नेमून मूळ आयरिश रूपे निश्चित करायला घेतली. २००८ पासून ती ‘लोगॅनम’ या संकेतस्थळावर सर्वांना पाहता येतात.

उत्तर आयर्लंडमध्ये या नावांवर वेगळे संकट आले. १९७२ पासून टपालखात्याच्या सोयीसाठी ग्रामीण रस्त्यांना नावे आणि घरांना क्रमांक दिले गेले आणि टाउनलँडचे नाव पत्त्यातून गळू लागले. फरमॅना काउंटीने आपली टाउनलँड-नावे टिकवून धरली. सीमस हीनी यांच्या १९७२ च्या संग्रहातल्या ‘अनाहॉरिश’ या कवितेचे नावही अशाच एका टाउनलँडचे आहे. मूळ आयरिशमध्ये त्याचा अर्थ निर्मळ पाण्याचे ठिकाण. स्थानिक इतिहास मंडळांनी ही नावे जपण्यासाठी वर्षानुवर्षे मोहीम चालवली. कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट या एरवी न जुळणाऱ्या समाजांना तिने एका बाजूला आणले, कारण टाउनलँड दोघांचा सारखाच होता. २००१ मध्ये उत्तर आयर्लंडच्या विधिमंडळाने सरकारी पत्रव्यवहारात ही नावे वापरावीत असा ठराव केला.

दक्षिणेत, म्हणजे स्वतंत्र आयर्लंडमध्ये, पत्त्याची गोष्ट उलट्या बाजूने घडली. तिथे ग्रामीण घरांना क्रमांक कधी मिळालेच नाहीत. आडनाव, टाउनलँड, जवळचे टपालगाव, एवढाच पत्ता. त्यामुळे देशातल्या ३५ टक्क्यांहून अधिक घरांचा पत्ता दुसऱ्या कुठल्यातरी घरासारखाच होता. एका टाउनलँडमध्ये एकाच आडनावाची पाच घरे असली तर कुठले पत्र कुठे टाकायचे ते पोस्टमनला ठाऊक असे, रुग्णवाहिकेच्या चालकाला नसे. जुलै २०१५ मध्ये सरकारने ‘एअरकोड’ आणला: सात अक्षर-अंकांचा, प्रत्येक दाराला वेगळा. त्यातली पहिली तीन चिन्हे टपालाचा विभाग सांगतात आणि उरलेली चार कोणत्याही क्रमाने न दिलेली, शेजारच्या दोन घरांतही न जुळणारी. टाउनलँडचे नाव त्यात कुठेच नाही. पाकिटावर ते अजून कोडच्या वरच्या ओळीत लिहिले जाते.